सापेक्षता, मार्गे साकीनाका

सामान्य वाचकांसाठी लिहिलेले विज्ञानाचे पुस्तक म्हणजे शास्त्रज्ञाला पोरकट वाटणारे, सामान्य वाचकाला न पेलणारे आणि दहावीच्या निकालानंतर भाच्याला भेट द्यायला अतिशय सोयीचे पुस्तक. ते लांबूनही ओळखू येते. खगोलशास्त्राचे असेल तर मुखपृष्ठ गडद निळे, जनुकांचे असेल तर पीळ दिलेली शिडी, मेंदूचे असेल तर कवटीत पेटलेला बल्ब. नावात ‘नवलाई’, ‘किमया’ किंवा ‘गमतीजमती’ यांपैकी काहीतरी असते आणि खाली ‘सोप्या भाषेत’ असे आश्वासन. आश्वासनाचा टाइप जितका मोठा, तितके तिसरे प्रकरण अवघड, असे साधारण प्रमाण आहे. पहिले प्रकरण प्राचीन ग्रीकांचे असते, ते सर्वांना समजते. दुसऱ्यात न्यूटन येतो आणि सफरचंद पडेपर्यंत वाचक सोबत असतो. तिसऱ्यात अवकाश वाकू लागते. इथे बहुतेक वाचक चहा ठेवायला उठतात.

मराठीत हा प्रकार जुना आहे. बाळशास्त्री जांभेकरांनी १८४० साली ‘दिग्दर्शन’ मासिक काढले, त्यात इतिहास-भूगोलाबरोबर पदार्थविज्ञान आणि रसायनही होते. मायकेल फॅरडेने लंडनमध्ये मुलांसमोर एक मेणबत्ती पेटवून तिच्यावर सहा व्याख्याने दिली आणि त्यांचे जगप्रसिद्ध पुस्तक झाले, ती गोष्ट १८६०-६१ ची. पुण्यात ‘सृष्टिज्ञान’ १९२८ मध्ये सुरू झाले, मुंबईत मराठी विज्ञान परिषद १९६६ मध्ये. परिषदेने १९७४ साली विज्ञानकथांची स्पर्धा ठेवली, तेव्हा नारायण विनायक जगताप या अपरिचित लेखकाची ‘कृष्णविवर’ ही कथा आली आणि तिला बक्षीस मिळाले. जगतापांची आद्याक्षरे उलटी वाचली की ज. वि. ना. होतात. जयंत विष्णु नारळीकरांनी परीक्षकांवर आपल्या नावाचे दडपण येऊ नये म्हणून ही खटपट केली होती. हस्ताक्षरही ओळखू येऊ नये म्हणून कथेची प्रत त्यांच्या पत्नी मंगलाताईंनी लिहून काढली होती. स्वतःचे नाव लपवण्यासाठी इतके कष्ट घेणारा लेखक मराठीत त्याआधी झाला असेलही, पण नंतर झाल्याचे ऐकिवात नाही.

विज्ञान परिषदेची इमारत चुनाभट्टीला आहे. अंधेरी–कुर्ला रस्ता धरून कुर्ला गाठावे, की लोकलने पुढचेच स्टेशन. याच रस्त्यावर अलीकडे साकीनाका लागतो आणि या पुस्तकांच्या अभ्यासासाठी ती जागा उत्तम आहे, कारण तिथे पुस्तकांचे दुकान शोधावे लागते, विज्ञान शोधावे लागत नाही. साकीविहार रोडने उत्तरेला गेले की पवईची आयआयटी. पश्चिमेला विमानतळ. डोक्यावर जून २०१४ पासून मेट्रो. खाली खैरानी रोडच्या गल्ल्यांमध्ये लेथ, मोल्डिंग, वेल्डिंग, पॅकिंग आणि भंगार यांचे गाळे. गाळ्यातल्या टर्नरला ‘कोनीय संवेग’ हा शब्द माहीत नसतो, पण चकमध्ये चावी विसरून मशीन सुरू केले तर ती कुठल्या दिशेने आणि काय वेगाने सुटते, हे त्याला पक्के ठाऊक असते. पुस्तकात हाच विषय तीन आकृत्यांसह येतो आणि एकाही आकृतीत कोणी खाली वाकलेले दाखवत नाहीत.

विमानाचे उदाहरण इथे अपरिहार्य आहे. मुंबई विमानतळाने डिसेंबर २०१८ मध्ये २४ तासांत १,००७ विमानांची ये-जा हाताळली, म्हणजे सरासरी दीड मिनिटाच्या आतच एक. त्यातली बरीचशी असल्फा, जरीमरीच्या डोक्यावरून उतरतात आणि तेवढा वेळ गच्चीवरचे संभाषण थांबते. साहजिकच विमान हवेत कसे टिकते हा प्रश्न साकीनाक्यातल्या मुलाला पुस्तक न वाचताच पडतो. पुस्तक त्याला सांगते की पंख वरून फुगीर असतो, म्हणून वरच्या हवेला लांबचा रस्ता पडतो. तिला खालच्या हवेबरोबर एकाच वेळी पलीकडे पोहोचायचे असते, म्हणून ती जोरात धावते. वेग वाढला की दाब कमी होतो आणि पंख वर उचलला जातो. हे स्पष्टीकरण कित्येक पुस्तकांत सापडते आणि मधल्या पायरीवर ते साफ चुकीचे आहे. वरच्या हवेने खालच्या हवेला पलीकडे भेटण्याचा कोणताही शब्द दिलेला नसतो. प्रयोगात धुराच्या रेषा सोडून पाहिले, तर वरची हवा चक्क आधी पोहोचते. पंख हवेला खाली ढकलतो आणि हवा पंखाला वर, इतके सांगितले तरी मुलाचे काम भागते. पण मग आकृती काढावी लागत नाही आणि पान रिकामे दिसते. पुस्तकातले स्पष्टीकरण चुकले म्हणून एकाही विमानाला उशीर झालेला नाही. उशिराची कारणे वेगळी असतात.

अनुवादित पुस्तकांची आणखी एक अडचण म्हणजे त्यांतली आश्चर्ये फार लांबची असतात. अमेरिकेतल्या वायोमिंगमधल्या उभ्या दगडी खांबांच्या डोंगराचा रंगीत फोटो पाहून वाचक हळहळतो, की आपल्याकडे असे काही नाही. तशाच खांबांचा बेसॉल्टचा सुळका अंधेरी पश्चिमेला गिल्बर्ट हिल या नावाने उभा आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, साठ मीटरच्या आसपास उंच आणि माथ्यावर गावदेवी. डायनोसॉर संपले त्या सुमाराचा हा दगड पाहायला साकीनाक्याहून मेट्रो आणि पुढे रिक्षा पुरते. तरीही लोक डायनोसॉरसाठी पुस्तक विकत घेतात, कारण पुस्तकातल्या दगडाभोवती टॉवर उभे राहिलेले नसतात.

या पुस्तकांचा खरा कस अंतरे समजावताना लागतो. प्रकाशवर्ष म्हणजे काळ नव्हे, अंतर, हे वाचकाच्या गळी उतरवण्यासाठी प्रत्येक लेखक निदान दीड पान खर्च करतो. साकीनाक्यात हे दीड पान वाया जाते. अंधेरी किती लांब आहे, या प्रश्नाला किलोमीटरमध्ये उत्तर देणारा माणूस बाहेरगावचा समजावा. स्थानिक उत्तर ‘वीस मिनिटं’ किंवा ‘आत्ता निघालात तर तास’ असेच असते. अंतर काळात मोजण्याची ही सवय आइन्स्टाइन न वाचताच लागते. फरक एवढाच, की प्रकाशाचा वेग कोणीही, कुठूनही मोजला तरी सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर भरतो आणि अंधेरी–कुर्ला रस्त्यावरच्या रिक्षाचा वेग सकाळी सात, दुपारी बारा आणि संध्याकाळी साडेसहा या वेळांना तीन निरनिराळी उत्तरे देतो. त्यामुळे प्रकाशवर्षाचा आकडा ठरलेला आहे, साधारण साडेनऊ लाख कोटी किलोमीटर; ‘साकीनाक्याचा तास’ मात्र प्रमाणित करता आलेला नाही. सूर्यावरून निघालेला प्रकाश पृथ्वीवर यायला आठ मिनिटे वीस सेकंद घेतो. मरोळ नाक्यावरून संध्याकाळी निघालेली रिक्षा तेवढ्या वेळात साकीनाक्याच्या सिग्नलला पोहोचली, तर रिक्षावाला स्वतःच दोनदा घड्याळ बघतो.

आकडे पेलेनासे झाले की लेखक उपमांकडे वळतो. इंग्रजी पुस्तकांत अणू हे बेसबॉलचे स्टेडियम असते आणि अणुकेंद्र ही मधे बसलेली माशी. मराठी अनुवादात स्टेडियम तसेच राहते, कारण अनुवादकाला मानधन शब्दांवर मिळते, उपमांवर नाही. चांगले लेखक मात्र सामान स्वयंपाकघरातून घेतात. साकीनाका मेट्रो स्टेशनच्या फलाटावर मधोमध मोहरीचा एक दाणा ठेवला आणि तो अणुकेंद्र मानला, तर अणूची कड साधारण फलाटाच्या टोकांशी येईल. मधल्या जागेत जवळजवळ काहीच नाही. गणित बरोबर आहे, पण फलाटावर दोन टोकांच्या मधे काहीच नाही, हे साकीनाक्याच्या वाचकाला पटवणे अशक्य आहे. लेखकाने हे उदाहरण रविवारी पहाटे लिहिले असावे, एवढाच निष्कर्ष तो काढतो. शिवाय दोन पानांनंतर तोच लेखक सांगतो, की इलेक्ट्रॉन हे दाण्याभोवती फिरणारे दुसरे दाणे नव्हेतच. म्हणजे मोहरी परत बरणीत.

सूर्यमालेसाठी शहाळे उपयोगी पडते. नाक्यावरच्या शहाळेवाल्याकडचे लहानसे, चौदा सेंटिमीटर व्यासाचे शहाळे हा सूर्य मानला, तर पृथ्वी पंधरा मीटरवर, रस्त्याच्या पलीकडे, मोहरीच्या बारक्या दाण्याएवढी. इथवर सगळे नाक्यावरच उरकते. पण सूर्याच्या सगळ्यांत जवळचा तारा म्हणजे पुढचे शहाळे कुठे ठेवायचे, असे विचारले तर उत्तर चार हजार किलोमीटर येते. मुंबईहून मोजले तर साधारण सिंगापूर. साकीनाक्याला एक शहाळे आणि त्यानंतरचे थेट सिंगापूरला, हे वाक्य वाचून जे क्षणभर डोळ्यांपुढे उभे राहते, ते पन्नास शून्यांनी होत नाही. या जातीच्या पुस्तकाचे खरे काम एवढेच असते. ते साधले की पुढची दीडशे पाने माफ.

सापेक्षतावाद मात्र शहाळ्यांनी सुटत नाही. त्याचा उपयोग काय, हा प्रश्न गेली शंभर वर्षे विचारला जात आहे. साकीनाक्यात त्याचे उत्तर पार्सल घेऊन दारात उभे असते. मोबाइलवरचा नकाशा ज्या उपग्रहांवर चालतो, त्यांची घड्याळे वेगामुळे रोज सात मायक्रोसेकंद मागे पडतात आणि उंचीवर गुरुत्व कमी असल्यामुळे पंचेचाळीस मायक्रोसेकंद पुढे जातात. वजाबाकी अडतीस. हा फरक आइन्स्टाइनच्या हिशोबाने भरून काढावा लागतो. अडतीस मायक्रोसेकंदांत प्रकाश ११.४ किलोमीटर जातो आणि घाटकोपर ते वर्सोवा या मेट्रोमार्गाची लांबीही ११.४ किलोमीटर आहे. हा निव्वळ योगायोग आहे, पण असले योगायोग पाठ्यपुस्तकात का घालत नाहीत, हे कळत नाही. अर्थात आइन्स्टाइनची दुरुस्ती करूनही डिलिव्हरीवाला खैरानी रोडच्या गल्लीत फोन करून ‘भाऊ, बाहेर या ना, लोकेशन आतलं दाखवतंय’ असेच म्हणतो. उपग्रह बरोबर असतात. गल्लीच्या वर दुसरी गल्ली आहे, याची आइन्स्टाइनला कल्पना नव्हती.

मराठी पुस्तकाच्या वाटेत परिभाषा उभी असते. भाषा संचालनालय १९६० साली स्थापन झाले आणि पुढे शास्त्राशास्त्राचे परिभाषा कोश निघाले. काही शब्द झकास जमले. ‘कृष्णविवर’ हा शब्द इंग्रजी मूळ शब्दापेक्षाही खोल वाटतो आणि आता वर्तमानपत्रे तो राजकीय पक्षांनाही लावतात. काही शब्द वाचकाला पुस्तकाबाहेर कुठे भेटलेच नाहीत. वेल्डिंगच्या गाळ्यात काळा सिलिंडर ऑक्सिजनचा आणि मरून ॲसिटिलिनचा, हे पोऱ्यालाही माहीत असते. तिथे जाऊन ‘प्राणवायू संपला का?’ असे विचारले, तर आधी ॲम्ब्युलन्स बोलावतील. हायड्रोजनला उद्‌जन म्हणणारा माणूस आता निवृत्त झालेला आहे आणि नायट्रोजनला नत्र म्हणणारा शेतकरी मात्र अजून कामावर आहे, कारण त्याला ते खताच्या पोत्यासाठी रोज लागते. शब्द टिकतो तो असा. नुसत्या कोशात ठेवला की त्याला वाळवी लागते.

भाषेला हात लावला की काय होते, हे जून २०१९ मध्ये दिसले. मंगला नारळीकर या गणिताच्या अभ्यासक. ‘गणितगप्पा’ लिहून त्यांनी या विषयाची भीती बरीच कमी केली होती. त्यांच्या अध्यक्षतेखालच्या बालभारतीच्या समितीने दुसरीच्या पुस्तकात ‘बावीस’बरोबर ‘वीस दोन’ अशी मांडणी सुचवली, कारण मराठीत दोनाचा उच्चार आधी आणि वीस नंतर येतो, पण लिहिताना उलटे. मुलांची यात गफलत होते, एवढाच साधा मुद्दा होता. त्यानंतर महिनाभर महाराष्ट्रात जेवढी माणसे गणितावर बोलली, तेवढी भास्कराचार्यांनंतर बोलली नसतील. बोलणाऱ्यांपैकी अनेकांना एकोणऐंशी आणि एकोणनव्वद यांतला फरक क्षणभर थांबून आठवावा लागत होता, पण ते थांबले नाहीत.

आता प्रत्यक्ष वाचनाविषयी. स्टीफन हॉकिंगचे काळाच्या इतिहासावरचे पुस्तक १९८८ साली आले. प्रत्येक समीकरणागणिक खप निम्मा होईल, असा इशारा त्याला मिळाला होता, म्हणून त्याने ऊर्जा आणि वस्तुमानाचे आइन्स्टाइनचे एकच समीकरण ठेवले. पुस्तकाच्या एक कोटीहून जास्त प्रती गेल्या. इशारा खरा धरला तर त्या एका समीकरणापायी एक कोटी प्रतींचे नुकसान झाले, असा हिशोब निघतो. जॉर्डन एलेनबर्ग या अमेरिकन गणितज्ञाने २०१४ मध्ये एक गंमत केली. किंडलवर वाचक ज्या ओळी सर्वांत जास्त अधोरेखित करतात, त्या पुस्तकात कितव्या पानापर्यंत आहेत, त्यावरून लोक कुठवर वाचतात याचा अंदाज बांधला. हॉकिंगच्या पुस्तकाचा आकडा आला ६.६ टक्के. अडीचशे पानांच्या पुस्तकात हे साधारण सतरावे पान. स्वतः एलेनबर्गनेही याला शास्त्र म्हटलेले नाही, पण ज्याच्या घरी ते पुस्तक आहे, त्याला हा आकडा लगेच पटतो.

साकीनाक्याच्या वेळापत्रकात सतरा पाने नेमकी बसतात. घाटकोपरहून साकीनाक्यापर्यंत मेट्रोला सातेक मिनिटे लागतात. जागृती नगर, असल्फा, की आलेच. दोन मिनिटांना एक पान धरले तर फेरीला साडेतीन पाने. येताना वाचणे शक्य नसते, कारण संध्याकाळी दोन्ही हात वर असतात. म्हणजे सोमवारी सुरू केलेले पुस्तक शुक्रवारी सकाळी जगाच्या सरासरीला पोहोचते. शनिवारी त्यावर बोलता येते. सतरा पाने वाचलेला माणूस दीडशे पाने सांगू शकतो, हा ऊर्जेच्या अक्षय्यतेचा सरळसरळ भंग आहे, पण सोसायटीच्या सत्यनारायणाला तो नियमितपणे होतो. पूर्ण पुस्तक वाचलेला माणूस अशा वेळी गप्प असतो, कारण आपल्याला नेमके काय कळलेले नाही, हे त्याला एव्हाना कळलेले असते.

याच सोसायटीत दुसरा एक वाचक हमखास असतो. तो पुस्तक शेवटापासून उघडतो आणि आपल्या पूर्वजांचा उल्लेख शोधतो. सापडला नाही तर लेखकाचे वाचन तोकडे. पत्रिकेवरही त्याचा विश्वास असतो आणि पदपथावरच्या ढिगात दोन्ही पुस्तके एकाच भावाने मिळत असल्यामुळे त्याला त्यात विसंगती वाटत नाही. नारळीकरांनी नरेंद्र दाभोलकर आणि इतरांच्या सोबतीने याचीही परीक्षा घेतली होती. दोनशे पत्रिका, निम्म्या हुशार मुलांच्या, निम्म्या मतिमंद मुलांच्या. सत्तावीस ज्योतिषांनी उत्तरे पाठवली आणि त्यांतली ४६ टक्के बरोबर आली. रुपयाचे नाणे उडवले असते तर पन्नासच्या आसपास आली असती, शिवाय नाण्याला दक्षिणा नसते. हा निबंध २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. ज्योतिषाची पुस्तके त्याच ढिगात, त्याच जागी आहेत.

सगळेच विज्ञान छापील असते असे नाही. चांद्रयान-३ २३ ऑगस्ट २०२३ रोजी चंद्रावर उतरले आणि १९ सप्टेंबरला गणपती बसले. मधे सत्तावीस दिवस. एवढ्या दिवसांत कोणताही प्रकाशक मुद्रितेही तपासून देत नाही, पण गावोगावच्या मंडळांनी चंद्र, यान आणि बग्गी उभी करून दाखवली. थर्माकोलवर बंदी असल्याने चंद्र पुठ्ठ्याचा किंवा कापडाचा होता. खड्ड्यांसाठी मात्र संदर्भ शोधावा लागला नाही. अंधेरी–कुर्ला रस्ता जवळच होता.

वाचून, किंवा न वाचता, झालेले पुस्तक रद्दीत जाते. रद्दीवाल्याच्या तराजूला विषय कळत नाही. विश्वाची उत्पत्ती आणि मागच्या वर्षीची दिनदर्शिका एकाच दराने जातात. साकीनाक्यात रद्दी ही टाकाऊ वस्तू नसून उद्योग आहे, त्यामुळे इथल्या मुलाला अरविंद गुप्तांचे पुस्तक देताना प्रस्तावनेची गरज पडत नाही. टेल्कोतल्या या अभियंत्याने १९७८ साली होशंगाबादच्या खेड्यांत शिकवताना सायकलच्या व्हॉल्व्ह-ट्यूबचे तुकडे आणि काडेपेटीतल्या काड्या जोडून भूमितीचे आकार बनवले आणि पुढे आयुष्यभर कचऱ्यातून खेळणी केली. त्यांनी मराठीसह अनेक भाषांतली शेकडो पुस्तके इंटरनेटवर फुकट ठेवली आहेत. किलोवर विकता न येणारे विज्ञानाचे पुस्तक हा रद्दीवाल्याला पहिला खरा धक्का म्हणावा लागेल.

छापील प्रत मात्र रद्दीतून बऱ्याचदा परत वर येते. पदपथावरच्या ढिगात सापडलेल्या जुन्या प्रतीत पहिल्या पानावर ‘चि. … यास दहावीच्या यशाबद्दल, मामाकडून’ असे निळ्या शाईत असते. पेन्सिलीच्या रेघा सतराव्या पानापर्यंत जातात आणि थांबतात. अठरापासून काही पाने कोरी. पस्तिसाव्या पानावर बॉलपेनने कोणीतरी समासात ‘?’ काढलेले असते, त्याच्या खाली आणखी एक ‘?’, मग ‘??’, आणि साठाव्या पानाच्या आसपास, आकृतीच्या कडेला, तेलकट अंगठ्याचा ठसा उमटलेला असतो. तिथे कोपऱ्यात कोणीतरी सुतांच्या हिशोबात एक भागाकार केलेला असतो. पुस्तकात छापलेले उत्तर खोडून बाजूला दुसरे लिहिलेले असते, आणि पडताळून पाहिले तर बहुधा तेच बरोबर निघते.